फंडाचे पुस्तक हाती घ्या, पण आधी आवृत्तीचे साल पाहा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

म्युच्युअल फंडातली गुंतवणूक पुस्तक वाचून शिकता येते का, हा प्रश्न नाशिकमध्ये हल्ली सगळीकडे कानावर येतो. सातपूर-अंबडच्या कारखान्यांत नुकती नोकरी लागलेली मुले विचारतात, नाशिक रोडच्या प्रेसमधून निवृत्त झालेले विचारतात, द्राक्षाचे पैसे हाती आलेले निफाड-पिंपळगावचे बागायतदारही विचारतात. आमचे उत्तर स्पष्ट आहे. शिकता येते, आणि पुस्तकाइतके चांगले साधन दुसरे नाही. मोबाइलवरचा दहा मिनिटांचा व्हिडिओ पाहताना माणूस मान डोलावतो आणि पुढे जातो. पुस्तकातल्या आकड्याशेजारी पेन्सिलने आपला आकडा मांडता येतो, जुळला नाही तर पान उलटून मागे जाता येते. मात्र एक अडचण आहे. पन्नास वर्षांपूर्वीच्या पुस्तकातली पुरणपोळीची कृती आजही जशीच्या तशी चालते; फंडाचे दहा वर्षांपूर्वीचे पुस्तक अर्धे चालते आणि अर्धे नुकसान करते. त्यातले कोणते अर्धे ठेवायचे आणि कोणते सोडायचे, हे सांगण्यासाठी हे पत्र.

पुस्तक घेतले की प्रस्तावनेच्या आधीचे बारीक अक्षरांचे पान उघडावे. तिथे 'पहिली आवृत्ती', 'दुसरी आवृत्ती', 'पुनर्मुद्रण' अशा ओळी असतात. आवृत्ती म्हणजे मजकूर पुन्हा तपासला, निदान तशी अपेक्षा. पुनर्मुद्रण म्हणजे तोच मजकूर पुन्हा छापला. 'पुनर्मुद्रण २०२४' असे पाहून पुस्तक ताजे समजणारे बरेच जण असतात. त्याच्या वरची ओळ 'पहिली आवृत्ती २०१२' अशी असेल तर आतला कर, आतले नियम आणि आतली योजनांची नावे २०१२ चीच आहेत.

हे पान फाटलेले असेल, वाचनालयाच्या जुन्या प्रतीत ते बहुधा नसतेच, तर मजकुरावरून साल काढता येते. विहीर खणताना मातीचे थर दिसावेत तसे नियमांचे थर पुस्तकात दिसतात. योजना घेताना सव्वादोन टक्क्यांच्या आसपास एन्ट्री लोड, म्हणजे प्रवेश शुल्क, कापला जातो असे लिहिले असेल, तर मजकूर १ ऑगस्ट २००९ च्या आधीचा. त्या दिवसापासून सेबीने, म्हणजे बाजाराच्या नियामकाने, तो बंद केला. डायरेक्ट प्लॅनचा, म्हणजे वितरकाशिवाय थेट फंड घराण्याकडून घेण्याच्या पर्यायाचा, उल्लेखच नसेल, तर तो १ जानेवारी २०१३ च्या आधीचा. शेअर योजनेतला एक वर्षानंतरचा नफा पूर्ण करमुक्त म्हटला असेल, तर एप्रिल २०१८ च्या आधीचा. एक लाखावरच्या नफ्याला १० टक्के असे असेल, तर एप्रिल २०१८ ते जुलै २०२४ या काळातला. २३ जुलै २०२४ पासून हा दर १२.५ टक्के झाला आणि सूट सव्वा लाखावर गेली. वर्षाच्या आत विकले तर १५ ऐवजी २० टक्के. लाभांश गुंतवणूकदाराच्या हाती करमुक्त असतो असे वाक्य दिसले तर ते एप्रिल २०२० च्या आधीचे. आता तो तुमच्या उत्पन्नात मिळवून तुमच्या कर-टप्प्याने (स्लॅबने) कर लागतो. 'डिव्हिडंड ऑप्शन' हे नावही एप्रिल २०२१ पासून गेले, त्याला आता आयडीसीडब्ल्यू, म्हणजे उत्पन्नाचे वाटप आणि भांडवलाची काढणी, म्हणतात. नाव बदलले ते बरेच झाले. ५० रुपये एनएव्हीच्या (एका युनिटच्या किमतीच्या) योजनेने २ रुपये वाटले तर एनएव्ही ४८ होते. जुनी पुस्तके या २ रुपयांना कमाई म्हणून मांडत आणि वाचक ते घेण्यासाठी वाटपाच्या आदल्या दिवशी पैसे टाकत. स्वतःच्याच खिशातले दोन रुपये काढून त्यावर आज करही भरावा लागतो.

सगळ्यात जास्त नुकसान करणारे वाक्य कर्जरोख्यांच्या योजनांबद्दलचे आहे. 'तीन वर्षे ठेवा, महागाई निर्देशांकाचा लाभ (म्हणजे खरेदीची किंमत महागाईनुसार वाढवून करपात्र नफा कमी करणे) घ्या आणि बँकेच्या ठेवीपेक्षा कमी कर भरा', हा सल्ला जवळपास प्रत्येक जुन्या मराठी पुस्तकात सापडतो. १ एप्रिल २०२३ पासून घेतलेल्या अशा योजनांना तो लागू नाही. कितीही वर्षे ठेवा, नफा तुमच्या टप्प्यानेच करपात्र. तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाने जुने प्रकरण वाचून ठेव मोडली आणि रक्कम तिकडे वळवली, तर ज्या एका कारणासाठी वळवली तेच कारण उरलेले नसते. ईएलएसएसचेही, म्हणजे तीन वर्षे पैसे अडकणाऱ्या करबचतीच्या शेअर योजनांचेही, तसेच. जुन्या कायद्यात ८०सी कलमात असलेली दीड लाखाची वजावट फक्त जुन्या करपद्धतीत मिळते. नवी पद्धत घेतलेल्याने करबचतीसाठी तीन वर्षे पैसे अडकवण्याला अर्थ नाही. त्यातही दर महिन्याचा हप्ता वेगळा मोजला जातो. एप्रिल २०२५ चा हप्ता एप्रिल २०२८ मध्ये सुटेल, मार्च २०२६ चा मार्च २०२९ मध्ये. पहिल्या हप्त्याला तीन वर्षे झाली म्हणून सगळी रक्कम निघेल असे समजून मुलीच्या प्रवेशाची तारीख धरणारे लोक अडचणीत येतात. नवा आयकर कायदा १ एप्रिल २०२६ पासून लागू असल्याने पुस्तकांतले कलमांचे क्रमांकही जुने झाले आहेत. म्हणून आमचे म्हणणे असे की कराचे प्रकरण पुस्तकात वाचूच नये. ते दर वर्षी अर्थसंकल्पानंतर ताजे पाहावे.

योजनांच्या नावांचे प्रकरणही सोडून द्यावे. ऑक्टोबर २०१७ मध्ये सेबीने योजनांचे प्रकार ठरवून दिले आणि पुढच्या वर्षी कित्येक योजनांची नावे, स्वरूप आणि मापदंड (तुलनेचे निर्देशांक) बदलले, काही एकमेकींत मिसळल्या. तेव्हापासून बाजारमूल्याने पहिल्या १०० कंपन्या लार्ज कॅप, १०१ ते २५० मिड कॅप आणि २५१ पासून पुढे स्मॉल कॅप. 'मल्टिकॅप' या शब्दाचा अर्थ त्यानंतरही एकदा बदलला. सप्टेंबर २०२० च्या आदेशाने तिन्ही गटांत किमान २५-२५ टक्के ठेवणे बंधनकारक झाले आणि ज्यांना मोकळीक हवी होती त्यांच्यासाठी त्याच नोव्हेंबरात फ्लेक्सी कॅप हा नवा प्रकार आला. २०१५ च्या पुस्तकात 'मल्टिकॅप मध्यम जोखमीचा' असे वाचून आज मल्टिकॅप घेणारा माणूस किमान पाव हिस्सा स्मॉल कॅपमध्ये टाकत असतो आणि त्याला ते ठाऊक नसते. फंड घराण्यांचीही तीच गत: रिलायन्स म्युच्युअल फंड २०१९ मध्ये निप्पॉन इंडिया झाला, आयडीएफसी २०२३ मध्ये बंधन झाला. शेवटच्या पानावरची 'सर्वोत्तम दहा योजना' ही यादी छापतानाच शिळी होते.

आता जे टिकते त्याकडे वळू. टिकते ते गणित, आणि ते हाताने करावे लागते.

समजा दरमहा ५,००० रुपयांची एसआयपी, म्हणजे ठरावीक हप्त्याची गुंतवणूक, २० वर्षे. भरलेले १२ लाख. १२ टक्के परतावा धरला तर पुस्तकातला तक्ता जवळपास ५० लाख दाखवतो. हा आकडा आला कुठून, ते पाहा. तक्ता बनवणारा १२ ला १२ ने भागून महिन्याला १ टक्का धरतो. पण दरमहा १ टक्का चक्रवाढीने वर्षाला १२.६८ टक्के होतात, १२ नव्हे. फंडाचा वार्षिक परतावा ज्या पद्धतीने छापला जातो त्या पद्धतीने खरे १२ टक्के धरले, तर महिन्याचा दर ०.९५ टक्क्यांच्या आसपास येतो आणि रक्कम ४६ लाख होते. केवळ भागाकाराच्या सवयीने चार लाख वाढले! तोच तक्ता १५ टक्क्यांनी केला की ७५ लाखांच्या पुढे जातो, १० टक्क्यांनी केला की ३८ लाखांवर येतो. पुस्तकाच्या लेखकाने कोणता दर धरला, यावर वाचकाच्या मुलाचे शिक्षण आणि लग्न कागदावर पार पडते किंवा अडते. त्यापुढची पायरी बहुतेक पुस्तके गाळतात. ६ टक्के महागाई धरली तर २० वर्षांनी वस्तूची किंमत ३.२ पट होते. म्हणजे त्या ५० लाखांत आजचे साडेपंधरा लाखच मावतात. हे दोन्ही आकडे समासात शेजारी शेजारी लिहून ठेवावेत.

दुसरे गणित परतावा मोजण्याचे. पहिल्या वर्षी ५० टक्के वाढ, दुसऱ्या वर्षी ५० टक्के घट, सरासरी शून्य. पण १०० चे १५० होतात आणि १५० चे ७५. सरासरी परतावा आणि चक्रवाढ परतावा यांतला हा फरक ज्या पुस्तकात पहिल्या काही प्रकरणांत नाही ते पुस्तक बाजूला ठेवावे. आणि कोणत्या तारखेपासून मोजले, ते तर फार जपून पाहावे. ९ मार्च २००९ रोजी सेन्सेक्स ८,१६० वर बंद झाला होता. मार्च २०१४ च्या पहिल्या आठवड्याअखेर तो २१,९०० च्या आसपास होता. पाच वर्षांत वर्षाला जवळजवळ २२ टक्के! आता तीच मोजणी ८ जानेवारी २००८ पासून करा. त्या दिवशी सेन्सेक्स २०,८७३ होता. सहा वर्षांनी एकूण वाढ पाच टक्के, वर्षाची नव्हे, सगळी मिळून. दोन्ही विधाने खरी आहेत. २०१४ साली निघालेल्या पुस्तकात पहिले विधान छापले गेले असेल तर लेखक खोटे बोलला असे म्हणता येणार नाही, पण वाचकाची अपेक्षा त्याने वीस टक्क्यांवर नेऊन ठेवली. २०२१ मध्ये निघालेल्या पुस्तकांत मार्च २०२० च्या तळापासून मोजलेले एका वर्षाचे आकडे असेच भेटतात. उपाय म्हणजे रोलिंग परतावा, म्हणजे दर दिवसापासून किंवा दर महिन्यापासून सुरू होणारे सगळे पाच-पाच वर्षांचे काळ मोजून त्यांतला सगळ्यात वाईट कोणता ते पाहणे. सगळ्यात चांगला पाहायची गरज नसते, तो जाहिरातीत दिसतोच.

जुन्या पुस्तकांतल्या तुलनेत आणखी एक छुपी गोष्ट आहे. १ फेब्रुवारी २०१८ पासून योजनेची तुलना लाभांश धरलेल्या निर्देशांकाशी, म्हणजे टीआरआयशी, करणे बंधनकारक झाले. त्याआधी नुसत्या भावाच्या निर्देशांकाशी तुलना होई. योजनेच्या आकड्यात कंपन्यांचे लाभांश आलेले आणि निर्देशांकात ते गाळलेले, अशी ही शर्यत होती. वर्षाला साधारण सव्वा टक्क्याची आघाडी व्यवस्थापकाला फुकट मिळत असे. '९० टक्के योजना निर्देशांकाला हरवतात' अशा थाटाचे वाक्य २०१८ पूर्वीच्या पुस्तकात असेल तर त्यातून ही आघाडी वजा करून वाचावे.

खर्चाच्या प्रमाणाबद्दल वाचक दोन उलट चुका करतात. काहींना वाटते की १.८ टक्के खर्च छापला आहे, तर तो मिळालेल्या परताव्यातून आणखी वजा होणार. तसे नसते. खर्च रोज थोडा थोडा योजनेतून कापला जातो आणि त्यानंतरच एनएव्ही जाहीर होते. दुसरी चूक जास्त महागाची: बिल हाती येत नाही म्हणून खर्च नाहीच असे समजणे. १० लाख रुपये २० वर्षे १२ टक्क्यांनी ९६ लाखांवर जातात, ११ टक्क्यांनी ८० लाखांवर. एका टक्क्याची किंमत जवळपास सोळा लाख. म्हणून डायरेक्ट प्लॅनचे महत्त्व. पण पुस्तकात हे वाचून त्याच रात्री मोबाइलवर सगळे रेग्युलर (वितरकामार्फत घेतलेले) युनिट डायरेक्टमध्ये फिरवू नयेत. अशी फेरबदली ही कराच्या दृष्टीने विक्री असते. वर्ष न झालेल्या हप्त्यांवर बहुतेक शेअर योजनांत १ टक्का एक्झिट लोड (बाहेर पडण्याचे शुल्क) लागतो आणि नफ्यावर २० टक्के कर. आधी नवे हप्ते डायरेक्टमध्ये सुरू करावेत, जुने युनिट वर्षाचे होऊ द्यावेत आणि दर आर्थिक वर्षी सव्वा लाखाच्या सुटीत बसेल एवढाच नफा काढत ते हलवावेत. हिशेब असा: ३ लाखांचे ५ लाख झाले आणि चौदा महिन्यांनी सगळे विकले, तर २ लाख नफ्यातून सव्वा लाख वजा, उरलेल्या ७५,००० वर १२.५ टक्के म्हणजे ९,३७५ आणि उपकर धरून ९,७५०. तेच दोन आर्थिक वर्षांत विभागले तर शून्य. ज्याला योजना स्वतः निवडता येत नाही, त्याने मात्र वितरकाचे मोल ओळखून रेग्युलर घ्यावे किंवा फी घेणारा नोंदणीकृत सल्लागार गाठावा. न समजता घेतलेला डायरेक्ट प्लॅन स्वस्त पडत नाही.

एनएव्ही या शब्दावर मराठी पुस्तके फार घाईने पुढे जातात. नाशिकमधल्या ज्येष्ठांना युनिट ट्रस्टची यूएस-६४ आठवत असेल. १९६४ साली सुरू झालेल्या या योजनेच्या खरेदी-विक्रीचा भाव ट्रस्ट ठरवत असे; तो आतल्या मालमत्तेच्या किमतीशी रोज बांधलेला नव्हता. मालमत्ता घसरली तरी भाव वरच राहिला आणि जुलै २००१ मध्ये खरेदी-विक्रीच थांबवावी लागली. रोज जाहीर होणारी एनएव्ही का हवी, याचे याहून चांगले उदाहरण नाही. हे समजले की '१० रुपयांची नवी योजना स्वस्त' हा गैरसमज आपोआप गळून पडतो. १०,००० रुपयांत १० च्या एनएव्हीने हजार युनिट मिळतात, ५०० च्या एनएव्हीने वीस. आतले शेअर १० टक्के वाढले की दोन्हीकडे ११,००० होतात.

कर्जरोख्यांच्या योजना हे पुस्तकातले सगळ्यात कोरडे प्रकरण आणि म्हणून न वाचलेले. 'एफडीसारखे सुरक्षित' एवढे एक वाक्य लक्षात राहते. फॅक्टशीटमध्ये, म्हणजे योजनेच्या मासिक माहितीपत्रकात, 'मॉडिफाइड ड्युरेशन' असा एक आकडा असतो. तो ६ असेल तर बाजारातले व्याजदर १ टक्का चढल्यावर एनएव्ही साधारण ६ टक्के उतरते, ०.५ असेल तर अर्धा टक्का. दोन वर्षांनी लागणारे पैसे ६ ड्युरेशनच्या योजनेत ठेवणे ही चूक आकडा न वाचल्यामुळे होते. शेजारी वायटीएम, म्हणजे रोखे मुदतीपर्यंत ठेवल्यास मिळणारा वार्षिक परतावा, छापलेला असतो. समजा ७.२ टक्के, आणि खर्च ०.८. मग हाती येण्याची अपेक्षा ६.४ च्या आसपास धरावी. आणि वायटीएम शेजारच्या योजनेपेक्षा दोन टक्क्यांनी जास्त दिसला तर आनंद होण्याआधी रोख्यांचे मानांकन (पैसे परत मिळण्याच्या खात्रीची श्रेणी) पाहावे. एप्रिल २०२० मध्ये एका मोठ्या फंड घराण्याने सहा कर्जरोखे योजना एका दिवसात बंद केल्या, तेव्हा लोकांचे पैसे अडकले ते जास्त परताव्यासाठी घेतलेल्या, लवकर न विकता येणाऱ्या रोख्यांमुळेच.

म्हणून वाचायची रीत अशी ठेवावी की पुस्तकाशेजारी कोणत्याही एका योजनेचे ताजे फॅक्टशीट छापून घ्यायचे. ते दर महिन्याला फंड घराण्याच्या संकेतस्थळावर फुकट मिळते. पुस्तकात 'विविधीकरण' आले की फॅक्टशीटवर पहिल्या दहा कंपन्यांचा वाटा मोजायचा. 'मापदंड' आले की तो तिथे शोधायचा. स्वतःच्या चार योजना असतील तर चौघींच्या पहिल्या दहा कंपन्या वहीत शेजारी शेजारी उतरवाव्यात. चार लार्ज कॅप योजना घेणाऱ्याला तीच ती बँका आणि त्याच त्या कंपन्या चारदा दिसतील. दिसणारच, कारण नियमाने ८० टक्के रक्कम त्याच शंभर कंपन्यांत जाते. विविधीकरण झाले असे त्याला वाटत असते, प्रत्यक्षात एकाच गोष्टीचा खर्च तो चार ठिकाणी भरतो. आठवड्याला एक प्रकरण आणि एक फॅक्टशीट, एवढा वेग पुरे. ज्यांना आणखी खोलात जायचे आहे त्यांनी वितरकांच्या परीक्षेसाठी एनआयएसएम या सेबीच्या प्रशिक्षण संस्थेने काढलेले अभ्यासपुस्तक वाचावे. परीक्षा द्यायची नसली तरी चालते. भाषा रुक्ष आहे, पण त्यात कोणी काही विकत नाही.

भाषांतरित पुस्तकांबद्दल सांगायलाच हवे, कारण कॉलेज रोडच्या दुकानांत तीच पुढे मांडलेली असतात. अमेरिकेतल्या पुस्तकातली शिस्त, संयम, कमी खर्चाचा आग्रह हे सगळे घ्यावे. तिथल्या निवृत्ती खात्यांचे प्रकार सोडून द्यावेत. तिथे फंडाने आत शेअर विकून मिळवलेला नफा दर वर्षी गुंतवणूकदारांना वाटावा लागतो आणि त्यावर त्यांना कर बसतो, म्हणून तिथले लेखक वारंवार खरेदी-विक्री करणाऱ्या फंडावर कराच्या कारणाने रागावतात. आपल्याकडे ग्रोथ पर्यायात (ज्यात वाटप होत नाही) योजनेच्या आत कितीही उलाढाल झाली तरी तुम्ही युनिट विकेपर्यंत तुम्हाला कर नाही. भाषांतरकाराने एक तळटीप दिली असती तर काम झाले असते.

आणि जवळपास सगळी पुस्तके पगारदारासाठी लिहिलेली असतात, हा आमचा मोठा आक्षेप आहे. दर महिन्याच्या ५ तारखेला हप्ता, हे गृहीतच धरलेले. द्राक्षबागायतदाराचे पैसे साधारण फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये येतात. एप्रिलच्या खरड छाटणीला खर्च, ऑक्टोबरच्या गोडी छाटणीनंतर औषधफवारण्यांचा खर्च. अशा माणसाने पुस्तकाबरहुकूम दरमहा २५,००० ची एसआयपी लावली की पावसाळ्यानंतर खाते रिकामे होते, हप्ता परत जातो, बँक दर वेळी शुल्क कापते आणि लागोपाठ तीन हप्ते चुकले की एसआयपी बंद पडते. त्याने दोन्ही छाटण्यांचा आणि घरचा खर्च आधी बाजूला काढावा. उरलेले, समजा ३ लाख, लिक्विड योजनेत (अगदी अल्प मुदतीच्या रोख्यांच्या योजनेत) एकरकमी टाकावेत आणि तिथून त्याच फंड घराण्याच्या शेअर योजनेत दरमहा २५,००० ची एसटीपी, म्हणजे एका योजनेतून दुसरीत आपोआप जाणारा हप्ता, लावावी. बारा महिन्यांत रक्कम सरकते, बँक खात्याचा संबंध येत नाही. लक्षात ठेवायचे एवढेच की प्रत्येक एसटीपी ही लिक्विड योजनेतली विक्री आहे, तिच्या छोट्याशा नफ्यावर टप्प्याने कर लागतो, विवरणपत्रात तो दाखवावा लागतो. गारपिटीचे वर्ष आले तर लिक्विडमधले पैसे परत घेता येतात. हे प्रकरण लिहिलेले पुस्तक मराठीत यावे अशी आमची फार इच्छा आहे. कांदा आणि द्राक्षाच्या जिल्ह्यात ते हातोहात खपेल.

निवृत्तांसाठीचे एसडब्ल्यूपीचे, म्हणजे दरमहा ठरावीक रक्कम काढण्याचे, प्रकरण तर सावधपणेच वाचावे. '२० लाख गुंतवा, दरमहा १२,००० घ्या, मुद्दल वाढतच राहील' असा तक्ता असतो. काढणी वर्षाला ७.२ टक्के, परतावा १२ टक्के धरलेला, म्हणून मुद्दल वाढते. पहिल्याच वर्षी बाजार ३० टक्के पडला तर २० चे १४ लाख होतात, त्यातून १ लाख ४४ हजार काढलेले, उरले साडेबारा. आता तेच १२,००० म्हणजे वर्षाला साडेअकरा टक्के काढणी. बाजार नंतर सावरला तरी विकून टाकलेले युनिट सावरायला शिल्लक नसतात. परतावे कोणत्या क्रमाने येतात हे सरासरीत दिसत नाही. निदान तीन वर्षांचा खर्च ठेवीत किंवा कमी ड्युरेशनच्या योजनेत वेगळा ठेवून मगच बाकीचे शेअर योजनेत, असा बदल त्या तक्त्यात स्वतः करून पाहावा आणि पहिले वर्ष उणे ३० धरून पुन्हा मांडावा.

शेवटी दोन मागण्या. १८४० पासून चालत आलेले सार्वजनिक वाचनालय आपल्या गावात आहे, कुसुमाग्रज प्रतिष्ठानच्या 'ग्रंथ तुमच्या दारी'च्या पेट्या घरोघरी फिरतात, उपनगरांत लहान वाचनालये आहेत. या सर्वांनी अर्थविषयक पुस्तकांच्या पहिल्या पानावर एक चिठ्ठी चिकटवावी: मजकूर कोणत्या सालचा, कराची प्रकरणे कोणती, ती आज लागू आहेत की नाहीत. एका पुस्तकाला पाच मिनिटे लागतात आणि या विषयातले जाणकार हे काम आनंदाने करतील, आम्हीही करू. दुसरी मागणी आपल्या दैनिकाकडे. गुंतवणुकीच्या पुस्तकाचे परीक्षण छापताना किंमत आणि पृष्ठसंख्येसोबत पहिल्या आवृत्तीचे साल, आणि तक्त्यांत धरलेला परताव्याचा दर, हे दोन आकडे छापावेत.

आपले,
म्युच्युअल फंडाच्या कामाशी परिचित काही वाचक,
गंगापूर रोड, नाशिक